अल्प दंड आणि अपिलाचा हक्क

सन १९३१ मध्ये नेहमीच्या रीतीने चाललेल्या फौजदारी खटल्यात शंभर रुपयांचा दंड गिरगावातील इसमास झाला, तर त्याविरुद्ध त्यास अपील करता येत नसे. तोच दंड भाईंदरच्या इसमास झाला, तर करता येत असे. दोन्ही ठिकाणे एकाच बी. बी. अँड सी. आय. रेल्वेच्या रस्त्यावरची. अपराध एक, दंड संहितेचे कलम एक आणि दंडाचा आकडाही एकच. तरीही एकास वरिष्ठ न्यायालयाचे दार हक्काने उघडे होते, तर दुसऱ्याच्या बाबतीत ते त्या न्यायालयाच्या मर्जीवर अवलंबून होते. हा भेद कोणा न्यायाधीशाच्या लहरीतून उपजला नव्हता. सन १८९८ च्या फौजदारी व्यवहार संहितेतच तो लिहिलेला होता. न्यायालयाने केलेल्या दंडाविरुद्ध दाद मागण्याचा इतिहास पाहावयाचा, तर प्रथम या भेदाचा उलगडा केला पाहिजे.

मुंबई शहर त्या काळी माहीम व शीव येथे संपत असे. शहरात प्रेसिडेन्सी मॅजिस्ट्रेट न्यायदान करीत. त्यांच्या निकालाविरुद्धचे अपील संहितेच्या ४११ व्या कलमान्वये थेट उच्च न्यायालयात जाई. परंतु शिक्षा सहा महिन्यांहून अधिक कैदेची किंवा दोनशे रुपयांहून अधिक दंडाची असेल, तरच. साष्टी बेटाच्या उत्तर टोकास, वसईच्या खाडीलगत असलेले भाईंदर हे ठाणे जिल्ह्यातील गाव होते. तेथील अपराध्यास मुफसल मॅजिस्ट्रेटांचा कायदा लागू. पहिल्या वर्गाच्या मॅजिस्ट्रेटने केलेला दंड पन्नास रुपयांपेक्षा अधिक नसेल, तर ४१३ व्या कलमाने अपील बंद. त्याहून एक रुपया जरी अधिक असला, तरी सेशन्स न्यायालयाकडे जाण्याचा हक्क शाबूत. दुसऱ्या व तिसऱ्या वर्गाच्या मॅजिस्ट्रेटांच्या बाबतीत तर किमान मर्यादाच नव्हती. तिसऱ्या वर्गाच्या मॅजिस्ट्रेटने पाच रुपये दंड केला, तरी ४०७ व्या कलमान्वये अपील चाले. म्हणजे न्यायाधीश जितका वरच्या दर्जाचा, तितका त्याने केलेला दंड अभेद्य, असे हे गणित होते. त्यामागे तर्क नव्हता असे नाही. अनुभवी व कायदा शिकलेल्या न्यायाधीशाची चूक होण्याचा संभव कमी, असे गृहीत धरून क्षुल्लक प्रकरणांचा भार वरच्या न्यायालयावर पडू नये, एवढाच कायदेकारांचा हेतू दिसतो. पन्नासाची ही मर्यादा १८९८ साली नव्याने घातलेलीही नव्हती; १८८२ च्या संहितेतून ती जशीच्या तशी उचलली होती.

या तर्काचा प्रामाणिकपणा मात्र संहितेच्या पुढच्याच एका कलमाने संशयास्पद ठरतो. ४१६ वे कलम असे होते की, युरोपियन ब्रिटिश प्रजाजनांना त्यांच्यासाठी असलेल्या स्वतंत्र प्रकरणाखाली झालेल्या शिक्षांच्या अपिलास ४१३ व ४१४ या कलमांचा प्रतिबंध लागू नाही. लहान दंडाने न्यायालयांचा वेळ दवडू नये, हे तत्त्व इतके मोलाचे होते, तर ते गोऱ्या आरोपीपुरतेच का सुटावे? भारतीयाचा पन्नास रुपयांचा दंड क्षुल्लक आणि युरोपियनाचा दहा रुपयांचा गंभीर, असाच याचा अर्थ होतो. सन १९२३ च्या बाराव्या कायद्याने हे कलम गेले. त्याच वर्षाच्या दुसऱ्या एका दुरुस्तीने ४१५-अ हे कलम आले आणि एकाच खटल्यात अनेकांस शिक्षा झाली असता त्यांपैकी एकाचीही शिक्षा अपिलास पात्र असल्यास सर्वांना अपील करता येऊ लागले.

मुफसलातील अपिलाचा हक्क कागदावर उदार दिसतो. प्रत्यक्षात तो कोठे नेऊन सोडी, हेही पाहिले पाहिजे. आज भाईंदर पश्चिम म्हणून ओळखला जाणारा रुळांच्या पश्चिमेकडील भाग आणि त्यापुढील राई, मुर्धे, मोर्वे ही गावे मिठागरे, शेती व मासेमारी यांवर जगणारी. अशा मुलखात फौजदारी दंड म्हणजे बहुधा खून-दरोड्याचा मामला नव्हे. १८९० चा मुंबईचा मीठ कायदा, त्याच वर्षाचा रेल्वे कायदा, १८७१ चा गुरांच्या अतिक्रमणाचा कायदा, किरकोळ मारामारी व शिवीगाळ – सामान्य माणसाची न्यायालयाशी गाठ पडे ती अशा वाटेने. खालच्या वर्गाचे मॅजिस्ट्रेट म्हणून बसत ते बहुधा महसुली अंमलदार, आणि त्यांच्या निकालावरील अपील जाई जिल्हा मॅजिस्ट्रेटकडे, म्हणजेच ठाण्याच्या कलेक्टरकडे, किंवा त्याने त्या कामी नेमलेल्या पहिल्या वर्गाच्या मॅजिस्ट्रेटकडे. सारा वसूल करणारा, पोलिसांवर देखरेख ठेवणारा आणि अपील ऐकणारा अधिकारी एकच. राष्ट्रीय सभेने न्याय व कारभार यांच्या विभक्तीची मागणी पहिल्या काही अधिवेशनांपासून लावून धरली, ती या अनुभवावरून. मुंबई राज्यात तिला कायद्याचे रूप आले ते १९५१ साली. तोवर पाच रुपयांच्या दंडावरही अपिलाचा हक्क होता. तो ऐकणारे न्यायालय मात्र नावापुरतेच न्यायालय होते.

आता ज्यांना अपीलच नव्हते, त्यांचे काय? त्यांच्यासाठी संहितेने पुनरीक्षणाची, म्हणजे ज्यास न्यायालयात सर्रास रिव्हिजन म्हणतात त्याची, वाट ठेवली होती (कलमे ४३५ ते ४३९). अपील व पुनरीक्षण यांतील अंतर विद्यार्थ्यांच्या मनात पुष्कळदा पुसट राहते. अपील हा पक्षकाराचा हक्क. त्यात पुरावा पुन्हा तपासला जातो. पुनरीक्षण हा न्यायालयाचा अधिकार. पक्षकार केवळ त्याचे लक्ष वेधू शकतो. पुराव्याची फेरतपासणी तेथे अपवादानेच होते, आणि उच्च न्यायालयाने मनात आणल्यास शिक्षा वाढवून मिळण्याचा धोकाही पत्करावा लागतो. शिवाय ४३९ व्या कलमाच्या पाचव्या पोटकलमाची मेख आहेच: ज्यास अपील करता आले असते पण ज्याने ते केले नाही, त्याच्या सांगण्यावरून पुनरीक्षण होणार नाही. योग्य मार्ग सोडून आडवाटेने जाणाऱ्यास दोन्ही दारे बंद.

अपिलाचा हक्क गमावण्याचे आणखी एक कारण त्याहून साधे आणि त्याहून घातक होते. आरोपीने गुन्हा कबूल केला असेल, तर ४१२ व्या कलमाप्रमाणे प्रेसिडेन्सी व पहिल्या वर्गाच्या मॅजिस्ट्रेटांच्या निकालावर त्यास दोषसिद्धीविरुद्ध अपील नाही. शिक्षेचे प्रमाण किंवा तिचा कायदेशीरपणा एवढ्यापुरतेच ते उरते. ‘कबूल करा, दंड भरा आणि मोकळे व्हा’ हा सल्ला न्यायालयाच्या आवारात नेहमी ऐकू येतो. रोजंदारी बुडवून तारखांस हेलपाटे घालणाऱ्या माणसाला तो शहाणपणाचाही वाटतो. त्या एका शब्दाने आपण काय सोडून देतो, हे त्यास सहसा कोणी सांगत नाही. खेरीज दंड न भरल्यास इतके दिवस कैद, अशी पुस्ती शिक्षेस जोडली म्हणजे दोन शिक्षा झाल्या व अपील मिळाले, असा कोणाचा समज असेल, तर ४१५ व्या कलमाच्या स्पष्टीकरणाने तोही मोडून काढला होता. दंड न दिल्याबद्दलची कैद ही स्वतंत्र शिक्षा नव्हे.

या सर्व तरतुदींचा कस लागला तो चोर किंवा जुगारी यांच्या खटल्यांत नव्हे. लेखक, संपादक व पुस्तकविक्रेते यांच्या खटल्यांत लागला. कारण उघड आहे. भारतीय दंड संहितेच्या २९२ व्या कलमाखाली अश्लीलतेबद्दल १९६९ पर्यंत कमाल कैद तीन महिन्यांची होती, आणि न्यायाधीश बहुधा दंडावरच भागवीत. दंड लहान, म्हणून अपील नाही. परंतु दोषसिद्धीबरोबर प्रती नष्ट करण्याचा हुकूम देता येई (कलम ५२१), आणि लेखकाच्या कपाळी ‘अश्लील’ हा शिक्का बसे. कायदा हानी मोजत होता रुपयांत. हानी झालेली असे ती दुसऱ्याच ठिकाणी.

रघुनाथ धोंडो कर्वे यांचे उदाहरण या दृष्टीने प्रथम घ्यावयास हवे. संततिनियमनाच्या प्रचारापायी विल्सन कॉलेजातील गणिताची प्राध्यापकी सोडलेल्या या गृहस्थाने १९२७ च्या जुलैत ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू केले. व्यभिचाराच्या प्रश्नावरील एका लेखाबद्दल १९३१ मध्ये त्यांच्यावर खटला झाला आणि शंभर रुपये दंड झाला. ते उच्च न्यायालयापर्यंत गेले. शिक्षा कायम राहिली. आरंभी सांगितलेला भेद येथे लक्षात घ्यावा. दंड दोनशेच्या आत असल्याने शहराच्या कायद्याप्रमाणे कर्व्यांना अपिलाचा हक्क नव्हता. ‘समाजस्वास्थ्य’ ठाणे जिल्ह्यात निघत असते, तर पहिल्या वर्गाच्या मॅजिस्ट्रेटने केलेला तोच शंभराचा दंड सेशन्स न्यायाधीशापुढे हक्काने फेरतपासणीस गेला असता. निकाल निराळा लागलाच असता, असे कोणी म्हणणार नाही. संबंध लेख वाचून त्याचा हेतू व परिणाम यांचा नव्याने विचार करण्यास एक न्यायाधीश कायद्याने बांधला गेला असता, इतके मात्र खरे.

दुसरा खटला १९३४ चा. वाचकांच्या लैंगिक शंकांना दिलेल्या उत्तरांवरून तो उभा राहिला, आणि कर्व्यांच्या बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले. अस्पृश्यतानिवारणाच्या व राज्यघटनेच्या प्रश्नांत आकंठ बुडालेल्या पुढाऱ्याने एका लहानशा मासिकाचे वकीलपत्र घ्यावे, हे त्या काळी अनेकांना अनाकलनीय वाटले असावे. लैंगिक विषयावर लिहिणे म्हणजेच अश्लील लिहिणे नव्हे, हा त्यांच्या युक्तिवादाचा गाभा होता. खटला हरला, दंड झाला दोनशे रुपये. संहितेचे शब्द ‘दोनशेहून अधिक’ असे आहेत. आकडा मर्यादेवर नेमका थांबला होता. यात मॅजिस्ट्रेटचा हेतू शोधणे अनुचित ठरेल. पण एका रुपयाने हक्क हुकतो, याचे याहून बोलके उदाहरण मिळणे कठीण आहे.

स्वातंत्र्यानंतर राज्यघटनेच्या १३६ व्या अनुच्छेदाने एक नवी शक्यता निर्माण झाली. सर्वोच्च न्यायालय देशातील कोणत्याही न्यायालयाच्या निकालाविरुद्ध विशेष अनुमतीने अपील दाखल करून घेऊ शकते. दंडाच्या रकमेची अट तेथे नाही. ही अनुमतीही हक्क नव्हे; ती न्यायालयाने आपल्या विवेकाने द्यावयाची. तिचा उपयोग करून घेणारा महत्त्वाचा खटला मुंबईच्या एका पुस्तकविक्रेत्याचा, रणजित उदेशी यांचा. डी. एच. लॉरेन्स यांची ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ ही कादंबरी विकल्याबद्दल ते व त्यांचे भागीदार यांस ॲडिशनल चीफ प्रेसिडेन्सी मॅजिस्ट्रेटने प्रत्येकी वीस रुपये दंड केला. न दिल्यास एक आठवडा साधी कैद. भागीदार अनेक असले, तरी कोणाचाच दंड अपिलास पात्र नसल्याने ४१५-अ कलमाचाही आधार नव्हता. उच्च न्यायालयाने पुनरीक्षण फेटाळले. उदेशी दिल्लीस गेले, आणि वीस रुपयांच्या दंडाचा हा वाद पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे चालला. सरन्यायाधीश पी. बी. गजेंद्रगडकर या पीठाचे प्रमुख होते, निकालपत्र न्या. हिदायतुल्ला यांनी लिहिले. १९ ऑगस्ट १९६४ रोजी अपील फेटाळले गेले. २९२ वे कलम घटनेशी विसंगत नाही, आणि १८६८ च्या इंग्लंडमधील हिक्लिन खटल्याची कसोटी भारतात अद्याप टाकून देण्याजोगी नाही, असे ठरले. खुद्द इंग्लंडात याच कादंबरीचे प्रकाशक १९६० मध्ये निर्दोष सुटलेले होते. उदेशी हरले, पण कला व अश्लीलता एकत्र असता कलेचे पारडे जड ठरू शकते, हा विचार त्या निकालाने नोंदवून ठेवला, आणि पुढील पक्षकारांना पाय ठेवण्यास तेवढी जागा मिळाली.

तिचा लाभ मराठीस झाला. चंद्रकांत काकोडकर यांची ‘शामा’ ही कथा ‘रंभा’ मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकात आली होती. काकोडकर हे खपाचे कादंबरीकार. समीक्षकांनी त्यांना फारसे मनावर घेतले नाही आणि वाचकांनी समीक्षकांची वाट पाहिली नाही. पुण्यास २९२ व्या कलमाखाली फिर्याद झाली. लेखक, मुद्रक-प्रकाशक व विक्रेता हे आरोपी. मॅजिस्ट्रेटने कथा अश्लील नाही असे ठरवून आरोपींना सोडले. या निर्दोषमुक्तीविरुद्ध अपील होऊन उच्च न्यायालयाने लेखकास दोषी ठरविले, पंचवीस रुपये दंड, न दिल्यास एक आठवडा साधी कैद अशी शिक्षा सांगितली आणि आरोपींच्या ताब्यातील अंकाच्या प्रती नष्ट करण्याचा आदेश दिला.

येथे लेखकाची कायदेशीर स्थिती कर्व्यांपेक्षाही अवघड होती. खालच्या न्यायालयात तो निर्दोष सुटलेला. पहिली आणि एकमेव दोषसिद्धी राज्याच्या सर्वोच्च पीठावरून झालेली. घटनेचा १३४ वा अनुच्छेद निर्दोषमुक्ती फिरविल्यावर सर्वोच्च न्यायालयात हक्काने अपील देतो, तो मृत्युदंडाच्या शिक्षेपुरता. (१९७० च्या कायद्याने त्यात जन्मठेप व दहा वर्षे किंवा त्याहून अधिक कैद यांची भर पडली; दंड अजूनही त्यात नाही.) पंचवीस रुपये भरून टाकणे हा व्यवहारी माणसाचा मार्ग होता. दिल्लीतील वकिलाच्या एका दिवसाच्या फीत असे कितीतरी दंड भरून झाले असते. काकोडकरांनी विशेष अनुमतीचा मार्ग धरला. २५ ऑगस्ट १९६९ रोजी न्या. पी. जगनमोहन रेड्डी यांनी दिलेल्या निकालाने दोषसिद्धी रद्द झाली आणि दंड भरला असल्यास तो परत करण्याचा हुकूम झाला.

या निकालातील विवेचन मराठी वाङ्मयाच्या अभ्यासकांनी जितके वाचावयास हवे होते तितके वाचलेले दिसत नाही. न्यायालयाने कथेची स्तुती केलेली नाही. तिच्या वाङ्मयीन दर्जाविषयी त्याचे मत फारसे चांगले नाही. तथापि सुमार असणे आणि अश्लील असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे त्याने काटेकोरपणे सांभाळले. अश्लीलतेची कल्पना देशागणिक व समकालीन समाजाच्या नीतिकल्पनांप्रमाणे बदलते; कामविषयाचा नुसता उल्लेख अश्लील ठरविला, तर वाचकांपुढे केवळ धार्मिक ग्रंथच उरतील; एखादा दुबळ्या मनाचा वाचक विचारात न घेता, ज्या वर्गाच्या हाती लेखन पडण्याचा संभव आहे त्यावरील परिणाम पाहिला पाहिजे – ही त्यातील मुख्य सूत्रे. अश्लीलतेच्या पुढील खटल्यांत या निकालाचा आधार वारंवार घेतला गेला. त्याच वर्षी संसदेने २९२ व्या कलमात दुरुस्ती करून वाङ्मय, कला, शास्त्र इत्यादींच्या हितासाठी केलेल्या प्रकाशनास अपवाद दिला, आणि सोबतच पहिल्या अपराधाची शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद व दोन हजार रुपयांपर्यंत दंड अशी वाढविली. लेखकाला संरक्षण मिळाले. शिक्षा वाढल्याने अपिलाचा हक्कही, जणू अनवधानाने, पदरात पडला.

अपील म्हणजे दंड माफच होतो, असा अर्थ यातून काढू नये. रक्कम घटते आणि दोष तसाच राहतो, असेही घडते. ई. एम. एस. नंबुद्रीपाद यांना न्यायालयाच्या अवमानाबद्दल केरळ उच्च न्यायालयाने केलेला हजार रुपयांचा दंड सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्ये पन्नास रुपयांवर आणला, पण दोषसिद्धी कायम ठेवली. पैशाच्या दृष्टीने हा विजय मोठा; ज्यासाठी ते झगडले, त्या दृष्टीने तो पराभवच होय.

दंडाच्या अपिलाचे एक वैशिष्ट्य संहितेने फार पूर्वी ओळखले होते. अपीलकर्ता मरण पावला की त्याचे फौजदारी अपील संपते. दंडाविरुद्धचे अपील मात्र संपत नाही (१८९८ ची संहिता, कलम ४३१). कैद माणसाबरोबर जाते. दंड त्याच्या मागे राहिलेल्या मिळकतीवर बसतो, म्हणून वारसांना तो झगडा पुढे चालविता येतो. पुढील दोन्ही संहितांनी ही तरतूद तशीच ठेवली.

१ एप्रिल १९७४ पासून अमलात आलेल्या १९७३ च्या संहितेने मर्यादा बदलल्या. पहिल्या वर्गाच्या मॅजिस्ट्रेटसाठी पन्नासाचे शंभर झाले. शहरात प्रेसिडेन्सी मॅजिस्ट्रेटच्या जागी मेट्रोपॉलिटन मॅजिस्ट्रेट आला व दोनशेची मर्यादा राहिली. संक्षिप्त रीतीने चाललेल्या खटल्यांतही दोनशेपर्यंतच्या दंडास अपील नाही, ही जुनी तरतूद टिकली. भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ ही १ जुलै २०२४ रोजी अमलात आली आणि तिने मेट्रोपॉलिटन मॅजिस्ट्रेट हा वर्गच काढून टाकला. भाईंदर पश्चिमेतील रहिवासी आज मीरा-भाईंदर महानगरपालिकेचा नागरिक आहे. मॅजिस्ट्रेटने त्यास शंभराहून अधिक दंड केला, तर तीस दिवसांच्या आत – निकालाची प्रमाणित नक्कल मिळण्यास लागलेले दिवस वजा करून – त्यास सेशन्स न्यायालयात अपील करता येते. गिरगावच्या रहिवाशालाही आता नेमका हाच नियम लागू आहे. दोहोंतील जुना भेद अशा रीतीने मिटला. नव्या संहितेच्या ४१७ व्या कलमातील शब्द मात्र ‘शंभर रुपयांहून अधिक नसलेला दंड’ असेच आहेत. कर्व्यांना १९३१ साली झालेल्या शंभर रुपयांच्या दंडावर त्या वेळी गिरगावात अपील नव्हते आणि भाईंदरास होते. आज ते दोन्ही ठिकाणी नाही.